जुन्या शर्यती, नवे यंत्र आणि मालकीचा प्रश्न

अलीकडे आपल्या घरांतून एक गमतीचे दृश्य पाहावयास मिळते. दिवसभर पेढी किंवा दुकान सांभाळणारे चाळिशीतील गृहस्थ रात्री जेवणे आटोपल्यावर संगणकासमोर बसतात आणि मुलांना शेजारी घेऊन पंचवीस वर्षांपूर्वीचे मोटारशर्यतीचे खेळ खेळू लागतात. मुलांना नवे, झगमगीत खेळ ठाऊक असतात. तरीही वडिलांच्या लहानपणीची ती ओबडधोबड मोटार त्यांना रमवते. घरातील वडीलधाऱ्यांचा खेळाला फारसा विरोध नसतो. त्यांची शंका निराळी असते. ‘हे पैसे देऊन घेतले आहे, की कुठून तरी फुकट उतरवून घेतले आहे?’ असे ते विचारतात. प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर मात्र एका शब्दात देता येत नाही, म्हणून आजचे सदर त्यासाठी राखले आहे.

प्रथम हे खेळ कोणते ते पाहू. टीव्हीला जोडून खेळ खेळण्याच्या स्वतंत्र यंत्राला कन्सोल म्हणतात. १९९०च्या दशकात वाढलेल्या पिढीला कॅसेट खुपसून चालणारे व्हिडिओ गेम चांगले आठवत असतील. कोनामी या जपानी कंपनीचा १९८४ सालचा ‘रोड फायटर’ त्यावर असे. पेट्रोल संपण्याआधी शेवट गाठायचा, एवढेच त्यात होते. त्यानंतर ३ डिसेंबर १९९४ रोजी सोनी कंपनीचे ‘प्लेस्टेशन’ जपानमध्ये विक्रीस आले आणि कॅसेटऐवजी सीडी आली. त्याच दिवशी त्याच्यासोबत आलेल्या खेळांत नामको कंपनीचा ‘रिज रेसर’ हा शर्यतीचा खेळ होता. तो सबंध खेळ यंत्राच्या स्मृतीत मावत असे. त्यामुळे खेळ सुरू झाल्यावर त्याची सीडी काढून आपल्या आवडीच्या गाण्यांची सीडी आत ठेवावी आणि त्या संगीतावर मोटार हाकावी, अशी सोय त्यात होती. त्या यंत्राची मुख्य स्मृती अवघी दोन मेगाबाइटची होती. आज मोबाइलवरचे एक छायाचित्र त्याहून मोठे असते.

व्यापारी घरातील मुलाला खरा आवडावा असा खेळ मात्र ‘ग्रान टुरिस्मो’. काझुनोरी यामाउची आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सुमारे पाच वर्षे खपून तो तयार केला आणि डिसेंबर १९९७मध्ये तो जपानमध्ये प्रसिद्ध झाला. त्याच्या एक कोटीहून अधिक प्रती विकल्या गेल्या. तोवरच्या खेळांत मोटार आयती मिळे. येथे ती विकत घ्यावी लागते. आरंभी हाती दहा हजारांचे भांडवल असते. तेवढ्यात नवी मोटार येत नाही, म्हणून जुन्या मोटारींच्या बाजारात जायचे, किमती पाहायच्या, एखादी बऱ्या स्थितीतील मोटार घ्यायची आणि छोट्या शर्यतीत उतरायचे. मिळालेल्या बक्षिसातून टायर घ्यावेत, इंजिनात सुधारणा करावी, की रक्कम साठवून मोठी मोटार घ्यावी, हा निर्णय खेळणाऱ्याचा. घाईने महागडी मोटार घेतली तर तिच्या सुधारणेला पैसा उरत नाही. आणि घेतलेली मोटार परत विकताना घाटा येतो. शिवाय बहुतेक शर्यतींत उतरण्याआधी परवान्याच्या परीक्षा द्याव्या लागतात. आखलेल्या अंतरात मोटार नेमकी थांबवणे, एखादे वळण ठरावीक वेळेत पार करणे, असे तिचे स्वरूप. कांस्यपदकाच्या वेळेत बसले नाही, तर पुन्हा पहिल्यापासून. मला तर वाटते, भांडवल, घसारा आणि संयम या तीन गोष्टी त्या खेळाने पुष्कळ मुलांना वाणिज्य शाखेच्या पहिल्या वर्षापूर्वीच शिकवल्या असतील. १९९९च्या डिसेंबरात आलेल्या दुसऱ्या भागात तर सहाशेच्या आसपास मोटारी होत्या आणि खेळ दोन सीडींवर पसरला होता.

आता अडचण अशी की यंत्रे म्हातारी झाली. सीडी वाचणारी काचेची डोळी मंदावते, ती सरकवणारे भाग झिजतात, आणि नव्या टीव्हीला मागे जुनी जोडणीच नसते. सीडी कपाटात शाबूत असते. ती वाचणारे कोणी उरत नाही. आपल्या अनेक पेढ्यांच्या जुन्या वह्या मोडी किंवा महाजनी लिपीत आहेत. वही आपली, मजकूर आपल्याच आजोबांचा, पण वाचता येत नाही. मग मोडी जाणणारा कोणी शोधून आणावा, त्याने ओळ वाचावी आणि आपण बाळबोधीत उतरवून घ्यावी. इम्युलेटर नावाची संगणकप्रणाली हेच काम करते. प्लेस्टेशनच्या प्रोसेसरसाठी लिहिलेली प्रत्येक आज्ञा ती वाचते आणि आपल्या संगणकाला समजेल अशा आज्ञेत त्या क्षणी बदलून देते. प्लेस्टेशनसाठी ‘डकस्टेशन’, त्याच्या पुढच्या यंत्रासाठी म्हणजे प्लेस्टेशन २ साठी ‘पीसीएसएक्स २’, निन्टेंडोच्या गेमक्यूबसाठी ‘डॉल्फिन’ अशी त्यांची नावे आहेत. ती मोफत मिळतात.

येथे तीन वस्तू वेगळ्या ओळखाव्या लागतात, आणि सारा गोंधळ त्या एकच मानल्याने होतो. पहिली वस्तू म्हणजे इम्युलेटर, मोडी वाचणारा माणूस. दुसरी म्हणजे खेळाची सीडी, ती आपली वही. तिसरी वस्तू लहान, पण महत्त्वाची आहे. तिला बायोस म्हणतात. कन्सोलच्या आत कंपनीने कायमची कोरून ठेवलेली ही मूळ प्रणाली यंत्र सुरू होताच प्रथम चालते. प्लेस्टेशनची बायोस फक्त ५१२ किलोबाइटची आहे, परंतु ती सोनीने लिहिलेली आहे आणि तिच्यावर सोनीचा हक्क आहे.

पहिल्या वस्तूचा निवाडा पंचवीस वर्षांपूर्वी अमेरिकेत झाला. ती हकिकत व्यापाऱ्याने मुद्दाम वाचावी अशी आहे. जानेवारी १९९९मध्ये कॅलिफोर्नियातील कनेक्टिक्स कंपनीने ‘व्हर्च्युअल गेम स्टेशन’ नावाची प्रणाली ४९ डॉलरला बाजारात आणली. मॅकिन्टॉश संगणकांच्या त्या महिन्यातील मेळाव्यात स्टीव्ह जॉब्ज यांच्या भाषणावेळी ती मंचावरून दाखवली गेली. प्लेस्टेशनची सीडी मॅकिन्टॉश संगणकात घालावी आणि खेळावे, असे हे प्रकरण होते. प्लेस्टेशन अजून दुकानात धडाक्याने खपत असताना हे घडले, हे ध्यानात घ्यावे. सोनीने त्याच महिन्यात दावा लावला.

कनेक्टिक्सच्या अभियंत्यांनी बाजारातून प्लेस्टेशन विकत आणले होते. त्यातील बायोस त्यांनी वाचून घेतली, ती कशी वागते याचा अभ्यास केला आणि मग स्वतःची प्रणाली स्वतः लिहिली. विक्रीच्या मालात सोनीची एकही ओळ नव्हती; अभ्यास करताना मात्र सोनीच्या प्रणालीच्या प्रती वारंवार काढाव्या लागल्या होत्या. सोनीचा भर या मधल्या प्रतींवर होता. खालच्या न्यायालयाने १९९९मध्ये विक्री रोखली. पुढे अपील न्यायालयाने १० फेब्रुवारी २००० रोजी ती मनाई उठवली. एखादे यंत्र कसे काम करते हे जाणण्यासाठी अशी प्रत काढणे अपरिहार्य असेल, तर तो न्याय्य वापर ठरतो, असे न्यायाधीशांनी म्हटले. सोनीला आपले खेळ कोणत्या यंत्रावर चालावेत यावर ताबा हवा असणे समजण्याजोगे आहे. पण लेखनहक्काचा कायदा तशी मक्तेदारी देत नाही, हा त्या निकालाचा गाभा होता.

दुसरे प्रकरण ‘ब्लीम’ या छोट्या कंपनीचे. तिने विंडोज संगणकासाठी १९९९मध्येच असाच इम्युलेटर काढला आणि सोनीची बायोस अजिबात न वापरता स्वतःची पर्यायी व्यवस्था लिहिली. तिच्यावर झालेल्या आरोपांपैकी एक तर जाहिरातीचा होता. एकाच खेळाचे टीव्हीवरचे चित्र आणि संगणकावरचे अधिक स्पष्ट चित्र ती शेजारी-शेजारी छापत असे. ती चित्रे आमची, असे सोनीचे म्हणणे. मे २०००मध्ये अपील न्यायालयाने सांगितले की, खरी तुलना ग्राहकाच्या हिताची असते आणि तिच्यासाठी चित्रे छापणे न्याय्य वापरात येते. ब्लीमने पुढे सेगा कंपनीच्या ड्रीमकास्ट या प्रतिस्पर्धी कन्सोलवर प्लेस्टेशनचे खेळ चालवून दाखवले. प्रत्येक चकती एकाच विशिष्ट खेळासाठी असे. जे तीन खेळ प्रत्यक्षात निघाले त्यांत ‘ग्रान टुरिस्मो २’ होता. सोनीचा खेळ सेगाच्या यंत्रावर, आणि तोही मूळ यंत्रापेक्षा रेखीव!

निकाल जिंकले, पण वह्यांचे काय झाले? २००१मध्ये सोनीने कनेक्टिक्सकडून ती प्रणालीच विकत घेतली आणि बंद करून टाकली. न्यायालयात हरलेल्या पक्षाने धनादेश लिहून प्रश्न मिटवला. ब्लीमला कोणी विकत घेतले नाही. वकिलांच्या खर्चाखाली ती दबली आणि नोव्हेंबर २००१मध्ये बंद पडली. कायदा बाजूने असणे आणि तो सिद्ध होईपर्यंत तग धरण्याइतकी रोकड गाठीशी असणे यांतले अंतर, कर्जखात्यांच्या फायली चाळलेल्या कोणालाही नवे नाही. त्या दोन छोट्या कंपन्यांनी भरलेल्या किमतीवर पुढचे सगळे मोफत इम्युलेटर उभे आहेत. आणि २०१८ साली सोनीनेच वीस खेळ भरलेले ‘प्लेस्टेशन क्लासिक’ नावाचे छोटे यंत्र विकायला काढले, तेव्हा त्याच्या पोटात हौशी मंडळींनी लिहिलेला ‘पीसीएसएक्स रीआर्म्ड’ हा मुक्त इम्युलेटरच होता. त्या वीस खेळांत ‘रिज रेसर टाइप ४’ होता. ‘ग्रान टुरिस्मो’ नव्हता.

तेव्हा इम्युलेटर ठेवणे गैर नाही. उरला प्रश्न वहीचा आणि बायोसचा. आपल्या देशातील १९५७च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ येथे लागू पडते. संगणकप्रणालीची प्रत ज्याच्याकडे रीतसर आहे, त्याने ती वापरण्यासाठी किंवा नाशापासून बचाव म्हणून प्रत काढणे हा भंग मानला जात नाही. आणि स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, व्यापारी हेतूविना, वैयक्तिक वापरासाठी प्रत काढण्यासही तेथे मोकळीक आहे. याउलट भंग करून काढलेली प्रत आहे हे ठाऊक असून ती संगणकावर वापरणे हा कलम ६३-ब खाली गुन्हा आहे. त्यात व्यापारी लाभ नसला तर न्यायालय कैद माफ करू शकते, तरी पन्नास हजारांपर्यंत दंड करता येतो. म्हणजे वडीलधाऱ्यांच्या प्रश्नाचे उत्तर असे: आपल्या कपाटातील अस्सल सीडीवरून आपणच संगणकावर घेतलेली प्रत आणि आपल्याच जुन्या यंत्रातून काढलेली बायोस चालेल, अनोळखी ठिकाणाहून उतरवलेली नाही. ‘खेळ आता कुठे विकतच मिळत नाही’ ही सबब पुष्कळ तरुण देतात. सहानुभूती वाटावी अशी ती आहे, पण मालक सापडत नाही म्हणून रिकाम्या गाळ्याला आपले कुलूप लावता येत नाही.

घरात सीडी आहे, एवढ्यावरही थांबू नये. त्या काळी आपल्या बाजारात नकली सीडींचा सुळसुळाट होता. मूळ प्लेस्टेशनच्या अस्सल सीडीची खालची बाजू काळी असते. रुपेरी असेल, तर ती बहुधा घरगुती छापखान्यातली. काळ्या रंगाच्या कोऱ्या सीडीही मिळत, त्यामुळे छपाई आणि वेष्टनही पाहावे. प्लेस्टेशन २ला मात्र हा नियम लावू नये. त्याच्या अस्सल डीव्हीडी रुपेरीच आहेत.

काळ्या सीडी संगणकाच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येतात. फक्त प्रत घेताना संगीताचे भागही सोबत येतील असे पाहावे, नाहीतर शर्यत मुकाट्याने चालते. खेळताना दिसणारा फरक सांगण्याजोगा आहे. मूळ यंत्र आकृतीचा प्रत्येक कोपरा पूर्ण बिंदूवरच ठेवू शके आणि दूर जाणाऱ्या पृष्ठभागावरील चित्र खोलीचा हिशेब न करता ताणत असे. म्हणून रस्त्यावरचे पांढरे पट्टे मोडल्यासारखे, लाटेसारखे हलताना दिसत. शर्यतीच्या खेळात पडद्याचा निम्मा भाग रस्ताच व्यापतो, त्यामुळे हा दोष तेथे सर्वांत अधिक खुपे. डकस्टेशनमध्ये तो सुधारण्याची सोय आहे. ती चालू केली आणि चित्राची घनता वाढवली की तोच रस्ता ताठ आणि स्वच्छ होतो. काही जुने खेळाडू ती सोय मुद्दाम बंद ठेवतात. त्यांना तो हलणारा रस्ताच हवा असतो, आणि त्यांच्याशी वाद घालण्यात अर्थ नाही.

आपल्याकडील टीव्ही पाल पद्धतीचे असत; सेकंदाला पन्नास चित्रे. जपान आणि अमेरिकेत साठ. कित्येक खेळांची पाल आवृत्ती नीट जुळवून न घेताच काढली जाई, त्यामुळे ती साहजिकच संथ चाले. मुलाला संगणकावर साठ चित्रांची आवृत्ती खेळताना पाहून ‘आमच्या वेळी मोटार इतकी पळत नव्हती’ असे एखाद्या वडिलांनी म्हटले, तर ते स्मरणदोषातून म्हटलेले असेलच असे नाही.

हाताळणीत मात्र एक उणीव राहते. प्लेस्टेशन २च्या कंट्रोलरची बटणे किती जोराने दाबली हे ओळखत. ‘ग्रान टुरिस्मो ३’ आणि ‘४’मध्ये बोट हलके ठेवले की इंजिनही हलकेच ओढ घेई. आजच्या बहुतेक कंट्रोलरवरील बटणांना हे कळत नाही. ती एकतर पूर्ण दाबलेली असतात किंवा सुटलेली. उपाय म्हणून वेग आणि ब्रेक मागच्या कमी-अधिक दाबता येणाऱ्या कळांवर नेमून द्यावेत. ज्यांच्याकडे स्टिअरिंग व्हील आहे त्यांना पीसीएसएक्स २मध्ये, ‘ग्रान टुरिस्मो ४’ ज्याच्यासाठी प्रसिद्ध होता त्या ९०० अंश फिरणाऱ्या चाकाप्रमाणे ते वापरता येते.

एवढी खटपट करण्यापेक्षा नवा खेळ विकत घ्यावा, असे कोणी म्हणेल. येथेच मूळ प्रश्न उलटा होऊन आपल्यासमोर येतो. शर्यतीच्या खेळातील मोटारी खऱ्या कंपन्यांच्या असतात; त्यांची नावे, आकार आणि गाणी मुदतीच्या परवान्यावर घेतलेली असतात. मुदत संपली की विक्री थांबते. सेगाचा ‘आउटरन ऑनलाइन आर्केड’ हा २००९ सालचा खेळ फेरारीचा परवाना संपल्यावर काढून घेतला गेला. २०१८चा ‘फोर्झा होरायझन ४’ १५ डिसेंबर २०२४ नंतर विकला जात नाही. ज्यांनी आधी घेतला त्यांच्याकडे तो निदान राहिला. युबिसॉफ्टच्या ‘द क्रू’ या २०१४च्या शर्यतीच्या खेळाचे तसेही झाले नाही. ३१ मार्च २०२४ रोजी कंपनीने तिकडचे सर्व्हर बंद केले आणि पुढे ग्राहकांच्या खात्यातून खेळाचा परवानाही काढून घेतला. पूर्ण किंमत मोजून घेतलेली वस्तू, दुकानाची पावती हाती असूनही, नाहीशी झाली.

पगडीची जागा आणि मालकीची जागा यांतला फरक आपल्या घरांत लहान मुलालाही ठाऊक असतो. खेळाच्या दुकानाच्या पडद्यावर मात्र ‘खरेदी करा’ असेच लिहिलेले असते. १ जानेवारी २०२५पासून कॅलिफोर्निया राज्यात लागू झालेल्या कायद्याने विक्रेत्यांना हे स्पष्ट सांगणे भाग पाडले आहे की ग्राहक केवळ परवाना घेत आहे. ‘द क्रू’च्या प्रकरणातून युरोपात उभ्या राहिलेल्या मोहिमेला २०२५च्या जुलैपर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या मिळाल्या. विकलेला खेळ बंद करताना तो चालू शकेल अशा स्थितीत ग्राहकाकडे सोडावा, एवढीच तिची मागणी आहे. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनच्या २०२३च्या पाहणीत २०१०पूर्वी तेथे प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आता बाजारात मिळत नाहीत, असे आढळले. ज्यांच्या कपाटात काळी सीडी आहे, त्यांच्या हाती या काळात दुर्मीळ झालेली एक गोष्ट आहे: कोणाच्याही सर्व्हरची परवानगी न मागता चालणारी, आपल्या मालकीची प्रत. म्हणून दिवाळीच्या साफसफाईत अशा सीडी रद्दीवाल्याला देऊ नयेत. एक प्रत संगणकावर आणि एक वेगळ्या ड्राइव्हवर ठेवून मूळ सीडी उभी, उन्हापासून दूर ठेवावी.

सीडीसोबत डब्यात एक लहान करडे मेमरी कार्ड बहुधा सापडेल. त्याची क्षमता १२८ किलोबाइट, पंधरा कप्प्यांची. यूएसबीला जोडणारे साधन मिळवले की त्यातील नोंदी संगणकावर घेता येतात आणि डकस्टेशन त्या तशाच वाचते. १९९९ साली कोणी दहा हजारांपासून सुरू करून जमवलेल्या मोटारी, मिळवलेले परवाने आणि शिल्लक रक्कम त्यात असेल. ते खाते मुलाच्या हाती द्यायचे, की त्याला दहा हजारांपासूनच सुरुवात करू द्यायची, हे ज्या-त्या घराने ठरवावे.